डेट्रॉइटला निघालेल्या ओंकारला

चेरी हिल, न्यू जर्सी

चि. ओंकार यास,
अनेक आशीर्वाद.

गाडीत बसताना बोलायचं ठरवलं होतं, पण बाबांनी घाई केली आणि तू इतका आनंदात होतास की मी गप्प बसले. तालमीत पाय घसरून पडलास, असं तू सांगितलंस. पाय घसरला की माणूस आधी हात टेकतो रे. तुझ्या हाताला साधं खरचटलंही नव्हतं आणि कपाळावर टेंगूळ होतं. हे काढणार नव्हते, तरी काढलंच.

ज्याची गाणी घेऊन तू त्याच्याच गावी चाललास, त्या जॅकी विल्सनबद्दल मिळेल ते मी वाचलं. आधी मीही बाबांसारखीच म्हणायचे, गुडघ्यांवर घसरायचं, कोट भिरकावायचा, हे कसलं गाणं? मग मी कणीक मळत असताना तू ‘लोनली टियरड्रॉप्स’ लावलंस. 1958 चं. त्याचा आवाज वर चढला तिथे माझे हात थांबले. नानांच्या भजनात थांबायचे तसे. एवढा गळा असताना उड्या कशाला, विचारलं, तर म्हणालास, आई, तो आधी बॉक्सर होता, त्याचे पाय गप्प कसे बसतील? एल्विस प्रेस्लीने लास वेगासला त्याला ऐकलं आणि त्याच्या लकबी उचलल्या, हे सांगताना तुझा चेहरा असा फुलला होता, जणू तुझ्याच घरातल्या कुणाचं कौतुक झालं.

पण तो कोसळला तो इथेच, आपल्या रूट 70 वर तेव्हा असलेल्या लॅटिन कसिनो नाइटक्लबात. 29 सप्टेंबर 1975. वय 41. तेच गाणं चालू होतं. तो पडला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या, कारण पडणं हा त्याचा खेळच होता. कार्यक्रमाचा निवेदक डिक क्लार्क, त्याने वाद्यं थांबवायला लावली. श्वास चालत नाही, हे कोस्टर्स या गाणाऱ्या ग्रुपमधल्या कॉर्नेल गंटरच्या लक्षात आलं. एकाच्या. पुढे जॅकी आठ वर्षांहून जास्त जगला, पण पुन्हा गायला नाही. 1984 च्या जानेवारीत गेला.

मंचावर घाम निथळावा म्हणून तो मिठाच्या गोळ्या खाऊन वर भरपूर पाणी प्यायचा. ओंकार, तुझ्या बॅगेच्या बाहेरच्या कप्प्यातली बाटली मी पाहिली. आपल्या घरात रक्तदाब आहे. नानांचं काय झालं, ते तू उशाशी बसून पाहिलंस. रात्री दोनला खाणं, चार तास झोप, आणि वर हे मीठ! तू काय लहान आहेस का आता?

चुकलं. तू बोलावलंस तेव्हा मी एकदाही पुढच्या रांगेत बसले नाही आणि आता उपदेश करते आहे. फिलाडेल्फियाच्या कार्यक्रमाला मात्र मी आले होते, मागे, दाराजवळ. तो मोरपंखी कोट घालून तू पहिला सूर लावलास आणि शेजारची बाई उभी राहिली. मला तिला सांगायचं होतं, माझा आहे तो.

मंडळाच्या गणपतीत तू तानाजी झाला होतास, आठवतं? सात वर्षांचा. पडायचं होतं तिथे पडलास, टाळ्या झाल्या, पडदा पडेपर्यंत सगळे तुझं कौतुक करत होते. मी धावले, कारण तुझा डावा हात अंगाखाली दुमडला होता. तापात तू तसाच निजतोस. 102 होता ताप.

डेट्रॉइटमध्ये तो हात कोण ओळखणार?

त्याची कबर जवळच वेनला आहे, वेस्टलॉन स्मशानभूमीत. 1987 मध्ये लोकांनी पैसे जमवले तेव्हा कुठे त्याच्या नावाचा दगड लागला. सवड झाली तर माझ्या वतीने फूल ठेव.

निळ्या डब्यात थालीपीठं आहेत, दोन दिवसांत संपव. आणि तुमच्यात बेस वाजवतो त्या मुलाचा नंबर पाठव. तो तुझ्या अगदी शेजारी उभा असतो. त्याला जास्त काही सांगणार नाही, फक्त त्या डाव्या हाताचं सांगेन.

तुझी,
आई