एलिस बेटावरची चुकीची माहिती आणि गाळलेले एंजल बेट : सहल कंपनीला तक्रार पत्र

प्रति,
मा. व्यवस्थापक,
परदेश सहल विभाग

विषय : मे महिन्यातील अमेरिका सहलीत दिलेली चुकीची माहिती आणि परस्पर रद्द केलेली एंजल बेटाची भेट

महोदय,

तुमच्या मे महिन्यातल्या अमेरिका सहलीत मी आणि माझे यजमान होतो. तुमचीच सहल निवडण्याचे कारण एकच होते. तुमच्या कार्यक्रमपत्रिकेत न्यूयॉर्कचे एलिस बेट आणि सॅन फ्रान्सिस्कोचे एंजल बेट अशी दोन्ही नावे छापलेली होती. शंभर वर्षांपूर्वी अमेरिकेत राहायला येणारा परदेशी माणूस अटलांटिककडून आला तर बहुधा पहिल्या बेटावर तपासणीसाठी थांबायचा, पॅसिफिककडून आला तर दुसऱ्या. ही दोन्ही ठिकाणे एकाच सहलीत दाखवणारी दुसरी मराठी कंपनी मला सापडली नाही. दर इतरांपेक्षा जास्त होता, तरी आम्ही तो खुशीने भरला. प्रत्यक्षात एलिस बेटावर आम्हाला चुकीचे सांगितले गेले आणि एंजल बेट दाखवलेच नाही. फोनवर बोलून झाले. ईमेलला ठरावीक मजकुराचे उत्तर आले आणि सोबत पुढच्या सहलीवरच्या सवलतीचे कुपन. ते कुपन मला नको आहे, म्हणून हे सविस्तर पत्र लिहीत आहे.

आधीच सांगते, माझी तक्रार तुमच्या टूर मॅनेजरबद्दल नाही. तो मुलगा दिवसभर धावपळ करायचा, कुणाचा गुडघा दुखतो, कुणाचे पथ्य आहे, सगळे त्याच्या लक्षात असे. मी चुका दाखवल्या तेव्हा तो म्हणाला, "काकू, ऑफिसने दिलेल्या पुस्तिकेत जे आहे तेच मी सांगतो." पुस्तिका मी पुन्हा वाचली आणि त्याचे म्हणणे खरे निघाले. या पत्रामुळे त्याच्या नोकरीवर बालंट येता कामा नये. जबाबदारी पुस्तिका छापणाऱ्यांची आहे.

पुस्तिकेत एलिस बेटाच्या पानावर डॉ. आनंदीबाई जोशी यांचा फोटो आहे आणि खाली छापले आहे की त्या याच बेटावर उतरल्या. आमच्या ग्रुपमधल्या बायकांनी त्या वाक्यामुळे तिथल्या जमिनीला हात लावून नमस्कार केला. आनंदीबाई न्यूयॉर्कला पोहोचल्या जून १८८३ मध्ये. एलिस बेटावरचे तपासणी केंद्र उघडले १ जानेवारी १८९२ रोजी. त्याच्या जवळपास पाच वर्षे आधी, फेब्रुवारी १८८७ मध्ये, आनंदीबाई पुण्यात वारल्या होत्या. मराठी माणसांसाठी मराठीत छापलेल्या पुस्तिकेत ही चूक कुणाच्याच नजरेस कशी पडली नाही? आनंदीबाईंबद्दल खरे सांगण्यासारखे काय थोडे आहे? त्यांच्या अस्थी न्यूयॉर्क राज्यातच पोकिप्सी गावाच्या स्मशानभूमीत, त्यांना लेकीसारखे सांभाळणाऱ्या कार्पेंटर कुटुंबाच्या जागेत आहेत. हे छापले असते तर आमच्यातल्या कितीजणींनी वाकडी वाट करून तिथे जायचा हट्ट धरला असता.

आनंदीबाई आल्या त्या काळात न्यूयॉर्कला स्थलांतरितांची नोंद कॅसल गार्डनमध्ये होत असे. १८५५ ते १८९० हे काम तिथे चालले. ती वास्तू अजून उभी आहे. बॅटरी पार्कमध्ये बोटीची तिकिटे मिळतात ती गोल, लालसर दगडांची गढी म्हणजेच ती. आम्ही सगळे तिच्या भिंतीला टेकून रांगेत उभे होतो आणि तिच्याबद्दल कुणी अवाक्षर काढले नाही.

दुसरी चूक माझ्या जास्त जिव्हाळ्याची आहे. पुस्तिका सांगते की एलिस बेटावरच्या अधिकाऱ्यांना परदेशी नावे उच्चारता येत नसत, म्हणून ते लोकांची नावे बदलून टाकत. मी नोकरीची सगळी वर्षे बॅलार्ड इस्टेटमधल्या एका शिपिंग एजन्सीत काढली. जहाजावर कोण आणि काय चढले याची यादी जहाज निघते त्या बंदरात तयार होते. आम्ही तिला मॅनिफेस्ट म्हणतो आणि ती उतरायच्या बंदरात जशीच्या तशी दाखवावी लागते. तेव्हाही तसेच होते. हँबर्ग, ब्रेमेन, नेपल्स इथल्या जहाज कंपन्यांचे कारकून प्रवाशाचे नाव, वय, धंदा, लिहिता-वाचता येते का, शेवटचे राहते गाव, जायचे ठिकाण, तिकीट कुणी काढले, जवळ पैसे किती, हे सगळे लिहून घेत. एलिस बेटावरचा निरीक्षक ती यादी समोर ठेवून तेच प्रश्न पुन्हा विचारी आणि उत्तरे जुळतात का ते पाही. नवे नाव लिहिणे हे त्याचे कामच नव्हते. शिवाय दुभाषे हजर असत. पुढे न्यूयॉर्कचा महापौर झालेला फिओरेलो ला ग्वार्डिया १९०७ ते १९१० या काळात तिथे दुभाष्या होता. आपल्या ग्रुपने न्यूयॉर्क सोडले ते त्याच्याच नावाच्या विमानतळावरून. नावे बदलली हे खरे, पण बहुतेकांनी ती स्वतः बदलली. दुकानाच्या पाटीसाठी, शाळेत पोरांची चेष्टा होऊ नये म्हणून, नाहीतर नागरिकत्वाचा अर्ज भरताना. माणसाने परक्या देशात तगून राहण्यासाठी आपल्या हाताने आपले नाव कापले, ही गोष्ट मला कारकुनाच्या चुकीपेक्षा कितीतरी जड वाटते. पुस्तिकेने ती त्यांच्याकडून काढून घेतली.

जहाज कंपन्या इतकी काळजी का घेत, तेही सांगायला हवे होते. नाकारलेल्या प्रवाशाला परत नेण्याचा खर्च कायद्याने कंपनीवर होता आणि संसर्गजन्य आजाराचा माणूस आणला तर वर दंड. म्हणून हँबर्गमध्ये जहाज कंपनीने १९०१ साली स्थलांतरितांसाठी मोठी वसाहतच बांधली आणि तिथे माणसांना ठेवून तपासून मगच जहाजावर चढवले. एलिस बेटावरून सुमारे २ टक्के लोकच परत गेले याचे एक कारण हे आहे. तुमच्या पुस्तिकेत याचे श्रेय अधिकाऱ्यांच्या दयाळूपणाला दिले आहे. आणि हे २ टक्के तरी थोडे का? १९०७ या एका वर्षात तिथून दहा लाखांवर माणसे आत गेली.

तपासणीबद्दल पुस्तिकेत दोन ओळी आहेत, त्यातली एक चूक. कपड्यावर खडूची खूण झाली की माणूस परत, असे तिच्यात म्हटले आहे. खरे असे की जिना चढून येणाऱ्यांकडे डॉक्टर काही सेकंदच पाहत. धाप लागते का, पाय ओढतो का, मूल नीट चालते का. शंका आली की कोटावर खडूने अक्षर. हृदयासाठी एच, लंगडेपणासाठी एल, मनाच्या आजाराची शंका असेल तर एक्स. खूण झालेल्या माणसाला रांगेतून बाजूला घेऊन पुन्हा तपासत, कित्येकांना बेटावरच्याच इस्पितळात ठेवून बरे करून आत सोडत. डोळ्यांची तपासणी सगळ्यात धास्तीची. ट्रॅकोमा, म्हणजे डोळ्यांचा एक संसर्गजन्य आजार, आहे का हे पाहायला बुटाची बटणे लावायच्या आकड्याने पापणी उलटी करत आणि ट्रॅकोमा निघाला की परत पाठवणे जवळजवळ ठरलेले. हे सगळे तळच्या वर्गाच्या प्रवाशांचे. पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाच्या प्रवाशांना जहाजावरच वरवर तपासून थेट धक्क्यावर उतरवत. एका जहाजातून आलेल्या माणसांना तिकिटाच्या दराप्रमाणे दोन वेगळ्या अमेरिका भेटल्या, हे त्या मोठ्या दालनात उभे राहून सांगायला दोन मिनिटे पुरली असती.

प्रश्नोत्तरांत एक पेच होता. हातात काम ठरले आहे का, असे विचारत. हो म्हटले तर गुन्हा, कारण १८८५ च्या कायद्याने परदेशातून मजूर करार करून आणायला बंदी होती. आणि काम मिळवून पोट भरता येणार नाही असे वाटले तर सरकारवर बोजा पडणारा माणूस म्हणून नकार. अंगात ताकद आहे, काम मिळवीन, पण अजून कुणी कबूल केलेले नाही, एवढेच उत्तर सुरक्षित. पोलंडमधल्या किंवा सिसिलीतल्या एखाद्या खेड्यातून आयुष्यात पहिल्यांदा बाहेर पडलेल्या मुलीने हे कसे निभावले असेल, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

आता मूळ तक्रारीकडे येते. पुस्तिकेचे शेवटचे वाक्य आहे की अमेरिकेने जगातल्या सगळ्यांना दार उघडे ठेवले. हे वाचून मला राग आला आणि तो अजून गेलेला नाही. चिनी मजुरांना बंदी करणारा कायदा १८८२ चा, तो १९४३ पर्यंत टिकला. १९१७ च्या कायद्याने आशियाचा मोठा पट्टा, त्यात आपला हिंदुस्थानही, वर्ज्य ठरवला. १९२४ च्या कायद्याने देशवार कोटा १८९० च्या जनगणनेवरून ठरवला, म्हणजे त्यानंतर मोठ्या संख्येने आलेले इटालियन, पोलिश, रशियातले ज्यू आपोआप मागे पडले. हे सगळे एंजल बेटावर भिंतींसकट पाहायला मिळते. तेच तुम्ही गाळले.

एंजल बेटावरचे ठाणे २१ जानेवारी १९१० ते १९४० या काळात चालले. एलिस बेटावर बहुतेकांचे काम काही तासांत उरके. इथे चिनी माणसांना आठवडे, महिने, काहींना वर्षाहून जास्त काळ कोंडून ठेवले. नवरा-बायकोला वेगळे ठेवत. घराला पायऱ्या किती, विहीर कुठल्या दिशेला, शेजारी कोण राहतो, असे शेकडो प्रश्न विचारत आणि सांगितलेले नाते खरे का हे नातेवाइकांच्या उत्तरांशी ताडून पाहत. त्या लोकांनी लाकडी भिंतींवर चिनी कविता कोरल्या. इमारत पाडायची ठरली होती, तेव्हा १९७० मध्ये उद्यानाच्या एका रखवालदाराचे, अलेक्झांडर वाइस यांचे, या कवितांकडे लक्ष गेले आणि चिनी वंशाच्या लोकांनी धडपड करून ती इमारत वाचवली. दोनशेवर कविता आज नोंदल्या गेल्या आहेत. त्या पाहण्यासाठी मी ही सहल घेतली होती. त्या दिवशी आम्हाला खरेदीसाठी आउटलेट मॉलमध्ये सोडले गेले. कारण विचारल्यावर "बहुतेकांना त्यात रस नसतो" असे सांगण्यात आले. आम्हाला कुणी विचारले होते?

आणि हा इतिहास परक्यांचा नाही. एंजल बेटावर सर्वात जास्त प्रमाणात नाकारले गेले ते हिंदी, म्हणजे हिंदुस्थानातले, लोक. तर्क असा लावत की पश्चिम किनाऱ्यावर यांच्याविरुद्ध रोष आहे, म्हणून यांना काम मिळणार नाही, म्हणून हे सरकारवर बोजा होतील. रोष तर खराच होता. ४ सप्टेंबर १९०७ रोजी वॉशिंग्टन राज्यातल्या बेलिंगहॅम गावात जमावाने लाकडाच्या गिरण्यांत काम करणाऱ्या हिंदी मजुरांना, त्यात बहुतेक शीख, मारहाण करून गावाबाहेर काढले. त्याच किनाऱ्यावर त्यानंतरच्या काही वर्षांत वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे शेती शिकत होते आणि तळेगाव ढमढेरेचे विष्णू गणेश पिंगळे सिॲटलच्या विद्यापीठात होते. दोघे इंग्रज राजवटीविरुद्धच्या गदर चळवळीत आले. पिंगळे १९१५ मध्ये लाहोरला फासावर गेले. खानखोजे मेक्सिकोत नामांकित कृषिशास्त्रज्ञ झाले. दोघांपैकी कुणी एंजल बेटावर उतरल्याचा माझा दावा नाही. पण ज्या देशाने त्यांच्या भाऊबंदांना असे वागवले तो देश तुमच्या पुस्तिकेत दिसत नाही, आणि पिंगळे-खानखोजेही दिसत नाहीत.

पेशावरचे वैष्णो दास बगाई पत्नी कला आणि तीन मुलांसह १९१५ मध्ये एंजल बेटावर उतरले. सॅन फ्रान्सिस्कोत दुकान काढले, १९२१ मध्ये नागरिकत्व मिळवले. फेब्रुवारी १९२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने भगतसिंग थिंद यांच्या खटल्यात ठरवले की हिंदी माणूस कायद्याच्या अर्थाने गोरा नाही, म्हणून नागरिक होऊ शकत नाही. थिंद अमेरिकेच्या सैन्यात नोकरी केलेले. त्या निकालावर बगाईंचे नागरिकत्व काढून घेतले गेले, मालमत्ता ठेवता येईना, हिंदुस्थानात जायला अमेरिकी पासपोर्टही मिळेना. १९२८ मध्ये त्यांनी जीव दिला. हिंदी लोकांना नागरिकत्वाचा हक्क मिळाला १९४६ मध्ये, आणि देशात येण्याचा कोटा वर्षाला १०० माणसांचा. आमच्या ग्रुपमधल्या बहुतेकांची मुले आज तिथे नोकरी करतात, घरे घेतात. त्यांच्या आईवडिलांना तुम्ही हे न सांगता परत आणले.

माझे म्हणणे एवढेच आहे. पुस्तिका मागे घ्या, इतिहासाच्या जाणकाराकडून तपासून पुन्हा छापा आणि आमच्या सहलीतल्या प्रत्येकाला सुधारित प्रत घरी पाठवा, म्हणजे आनंदीबाईंबद्दल जे चुकीचे ज्याच्या त्याच्या नातवंडांपर्यंत पोहोचले असेल ते दुरुस्त होईल. एंजल बेटाच्या भेटीचा खर्च दराच्या तपशिलात वेगळा दाखवला होता, तो दोघांचा मिळून परत करा. कुपन यासोबत परत करत आहे. पुढच्या सहलींच्या पत्रिकेत एंजल बेट छापणार असाल तर तिथे न्या, आणि नेणार नसाल तर छापू नका. टूर मॅनेजरना एलिस बेटासाठी निदान अर्धा दिवस द्या. आम्हाला मिळालेल्या वेळात दालन आणि स्वच्छतागृह एवढेच झाले.

लेखी उत्तर १५ दिवसांत मिळावे. न मिळाल्यास, जाहीर केलेली सेवा न दिल्याबद्दल मी जिल्हा ग्राहक आयोगाकडे तक्रार दाखल करीन. कागदपत्रे जुळवून ठेवली आहेत.

आपली,
(सही)

सोबत : पैसे भरल्याच्या पावतीची प्रत, छापील कार्यक्रमपत्रिका, पुस्तिकेतील खुणा केलेली पाने, सवलतीचे मूळ कुपन