फ्लॅटच्या आधी तिच्याशी बोल

चि. अमेय,
अनेक आशीर्वाद.

काल फोनवर म्हणालास, "मुलगी चांगलीच आहे, आणि तिचे बाबा फ्लॅट देतायत." दोन्ही गोष्टी एका दमात बोललास. रात्री डोळ्याला डोळा लागला नाही, म्हणून उठून लिहायला बसले.

मागच्या दिवाळीत आपण 'द वेडिंग मार्च' पाहिला, आठवतंय? १९२८ चा मूकपट, एरिक फॉन स्ट्रोहाइमचा. दिग्दर्शक तो आणि नायकही तोच. १९१४ सालचं व्हिएन्ना. कर्जबाजारी राजकुमार निकीला त्याचे आईवडील सुनावतात, गोळी झाडून घे नाहीतर पैसेवालीशी लग्न कर. त्याचा जीव मिट्झीवर. पण पायाच्या कुरुपांवरच्या पट्ट्या विकून गब्बर झालेल्या कारखानदाराची लेक आहे ना, सेसेलिया! दोघांचे बाप कुंटणखान्यात, दारूच्या नशेत ही सोयरीक जुळवतात. एकाला पैसा हवा, दुसऱ्याला घराणं.

तू मिट्झीसाठी हळहळलास. सफरचंदाच्या मोहराखाली बसलेली ती दोघं आहेतच तशी. माझं लक्ष मात्र सेसेलियावर होतं. एका पायानं अधू पोर. लग्नात ऑर्गन वाजवणाऱ्याचे हात एकदम हाडांचे दिसतात, तेव्हा तू दचकलास. मला त्याहून तिचं लंगडत चालणं सोसवेना. नंतर घोडागाडीत ती नवऱ्याला विचारते, ती रडणारी मुलगी कोण होती? तो म्हणतो, आधी कधी पाहिलीच नाही. संसाराचा पहिलाच शब्द खोटा रे!

तुला कधी सांगितलं नाही. माझ्या लग्नात आजोबांनी स्कूटर दिली होती, कर्ज काढून. मागे बसले की मी बाबांच्या खांद्यावर हात ठेवायची नाही, स्टेपनी धरून बसायची. हा माणूस माझ्यासाठी आला की गाडीसाठी, हे विचारायचा धीर मला दोन वर्षं झाला नाही. बाबा भले आहेत, म्हणून निभावलं.

रविवारी बोलणी आहेत. त्याआधी तिला एकटीला भेट. फ्लॅट नको म्हणून सांग आणि मग ती काय बोलते ते नीट ऐक. तुला ती खरंच आवडली असेल तर रात्री फोन कर, कितीही उशीर झाला तरी. पुढचं तिच्या बाबांशी मी बोलेन.

तुझी,
आई