धागे मोजून देणाऱ्या काकांना

आदरणीय काका,

सप्रेम नमस्कार.

तुम्ही पैसे घेतले नाहीत, आणि माझं नाव कुठं छापायचं नाही असंही बजावलंत. दोन्ही ऐकलं. पण आजीच्या जुन्या भरतकामाचा टाका न् टाका मोजून चौकटीच्या कागदावर त्याचा ग्राफ काढायचं जे काम तुम्ही करून दिलंत ते चार लोकांना कळायला हवं, म्हणून हे पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहितेय. आपल्या सोलापुरात कितीतरी घरांत ट्रंकेच्या तळाशी असं एखादं कापड घडी घालून पडलेलं असणार.

आजीनं शाळेत असताना अक्षरं आणि नक्षी भरलेलं ते दोसुतीचं, म्हणजे दुहेरी सुताचं जाडसर कापड तुमच्याकडं आणण्याआधी मी दोन-तीन ठिकाणी दाखवलं होतं. ड्रायक्लीन करून फ्रेम लावा, असं एकानं सांगितलं. गेलेल्या जागी नव्या दोऱ्यानं वरून भरून घ्या, असं दुसऱ्यानं. तुम्ही मात्र ते हातात घेतलंत आणि सगळ्यांत आधी उलटं केलंत. चादरीचे ग्राफ काढण्यात ज्याचं आयुष्य गेलं, त्या माणसालाच हे सुचणार. पुढून नक्षी दिसते, मागून ती कशी झाली ते दिसतं, असं म्हणालात आणि भिंग लावून बसलात.

मग एकेक गोष्ट उलगडत गेली. अक्षरं सगळी क्रॉस स्टिचची, म्हणजे फुलीच्या टाक्याची. त्यात वरचा टाका एकाच बाजूला झुकलेला असावा लागतो, नाहीतर भरलेला भाग खडबडीत दिसतो. आजीचा टाका सगळीकडं उजवीकडं झुकलेला, फक्त प-फ-ब-भ-म या ओळीत डावीकडं. ‘ताई, हा हात दुसरा आहे बघा,’ असं तुम्ही म्हणालात तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. मैत्रीण असेल, शेजारी बसलेली बहीण असेल. इतकी वर्षं ते कापड आमच्या घरात आहे, आणि त्यात दोघींचे हात आहेत हे कुणाला दिसलं नव्हतं.

खालच्या कोपऱ्यातलं तुळशीवृंदावन पुढून-मागून सारखंच निघालं. ते गवंती नावाच्या टाक्यानं भरलेलं. एक घर सोडून एक टाका घालत जायचं आणि परत येताना मधली घरं भरायची. गाठ मारायची नाही, छापा उठवायचा नाही, नुसते धागे मोजायचे. इरकली लुगड्याच्या पदरावर कसुतीचं भरतकाम असतं त्यातलाच हा टाका, धारवाडकडचा. सोलापूरला कर्नाटक कुठं लांब आहे! म्हणजे शाळेतल्या बाईंनी शिकवलेली अक्षरं वर आणि घरातल्या कुणीतरी शिकवलेला टाका खाली. हाच टाका इंग्लंडच्या राजदरबारातही होता. हान्स होल्बाइननं १५३६ च्या सुमाराला राणी जेन सेमूरचं चित्र काढलं, त्यात तिच्या बाह्यांच्या टोकाला काळ्या दोऱ्याचं असं भरतकाम दिसतं. त्या चित्रकाराच्याच नावानं तिकडं हा टाका ओळखला जातो.

तुम्ही विचारलंत म्हणून मी नंतर या कापडांबद्दल बरंच वाचलं. ते इथं लिहिते, कारण तुमचं काम त्या इतिहासात नेमकं बसतं. युरोपात अशी नमुन्याची कापडं बायका स्वतःच्या आठवणीसाठी करायच्या. कुठं नवी वेल दिसली, किनार आवडली, की ती थोडीशी भरून ठेवायची, पुढं लागेल तेव्हा त्यावरून उतरवायची. सतराव्या शतकात तर लांबच लांब अरुंद पट्टीवर एकाखाली एक किनारी भरत आणि पट्टी गुंडाळून ठेवत. तारीख घातलेल्यांपैकी ब्रिटनमधला सगळ्यांत जुना नमुना जेन बोस्टॉकचा, १५९८ सालचा. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात तो आहे. त्यावरही अक्षरं आहेत, वेगवेगळे नमुने आहेत, आणि ॲलिस ली नावाच्या मुलीच्या जन्माची नोंद आहे. त्या काळच्या इंग्रजी अक्षरमालांत बऱ्याचदा जे आणि यू नसतात, कारण आय-जे आणि यू-व्ही तेव्हा वेगळे धरत नसत.

नमुन्यांची छापील पुस्तकं जर्मनीत १५२० च्या दशकातच निघाली होती. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला बर्लिनमध्ये चौकटीच्या कागदावर रंगवलेले नमुने विकायला लागले. एक चौकोन म्हणजे एक टाका. त्याच सुमाराला, १८०४ मध्ये, फ्रान्समध्ये जकार्डनं आपला माग तयार केला, ज्याच्या नक्षी ठरवणाऱ्या भोकांच्या पत्त्यांवर आपली सोलापुरी चादर उभी राहिली. नमुने कागदावर मिळायला लागले तशी कापडावरची ती वही मागं पडत गेली आणि शाळेतल्या मुलींचा अभ्यास तेवढा उरला. अक्षरं आणि आकडे शिकायचे, म्हणजे पुढं मोठ्या घरात कामाला लागल्यावर चादरी-टॉवेलांवर खुणा घालता येतील. माझ्या मते तो अभ्यासही कमी लेखायचं कारण नाही. एलिझाबेथ पार्कर नावाच्या इंग्लंडमधल्या मोलकरणीनं १८३० च्या सुमाराला याच क्रॉस स्टिचनं लाल रेशमात आपली सगळी कर्मकहाणी लिहिली, मालकानं केलेल्या छळासकट. वेल नाही, फूल नाही, नुसत्या ओळी, आणि शेवटचं वाक्य अर्धवट तुटलेलं. तेही आज त्याच संग्रहालयात आहे.

आता काळ्या दोऱ्याबद्दल. आजीनं क-ख-ग काळ्यानं भरलं होतं आणि ते जवळजवळ सगळं झडून गेलंय. मला वाटत होतं कसर लागली. तुम्ही सांगितलंत की कसर कापड खाते, इथं कापड शाबूत आहे आणि दोराच गेलाय. हा गंधकाचा काळा रंग असणार, दमट हवेत त्यातून आम्ल तयार होतं आणि धागा कुजतो. युरोपातल्या जुन्या नमुन्यांतही काळा-तपकिरी दोराच आधी जातो, तिथं कारण रंगातलं लोखंड. पण सुईची भोकं राहिली होती. ती भोकं मोजून तुम्ही क उभा केलात. शिरोरेषेखाली सात घरं, आणि क ची ती गोलाई चौकोनांच्या पायऱ्यांनी वळवलेली. इंग्रजी एल भरणं सोपं हो, दोन सरळ रेघा. आपला क, ण, क्ष चौकोनात बसवायला डोकं लागतं, आणि ते एका शाळकरी पोरीनं लावलं होतं.

आणि सालाचं. १९ दिसतंय, शेवटचा २ दिसतोय, मधल्या अंकाच्या जागी कापडच नाही. घरात सगळ्यांना १९४२ हवं होतं, मलाही. मी तुम्हाला चक्क गळ घातली. तुम्ही ऐकलं नाहीत. ‘भोकं असती तर वाचलं असतं. इथं काहीच नाही, तर ग्राफात पण काहीच नाही,’ असं म्हणून तेवढे चौकोन कोरे सोडलेत आणि भोवती पेन्सिलनं बारीक रेघ मारलीत. या पत्राचं खरं कारण ते कोरे चौकोन आहेत. तुम्ही ४ काढला असता तर आम्ही खूश झालो असतो, आणि पुढच्या पिढीनं तो खरा मानला असता. ३२ असेल, ५२ असेल, काहीही असेल. आजीचं जे होतं तेवढंच तुम्ही आमच्या हातात दिलंत. याबद्दल तुमचे मनापासून आभार.

मूळ कापड तुम्ही सांगितलंत तसं, घडी न घालता, धुतलेल्या मलमलीत गुंडाळून अंधारात ठेवलंय. ग्राफच्या झेरॉक्स काढल्यात. मूळ ग्राफ तुमच्या हातचा आहे, तो मी कुणाला देणार नाही. भाचीनं भरायला सुरुवातही केलीय, पण ती ज्ञ पाशी अडलीय. तिथं तुम्ही एका घरात अर्धा टाका दाखवलाय, तो आजीचाच तसा आहे की धागा तुटून अर्धा राहिलाय, हे तिला तुम्हालाच विचारायचंय. येत्या रविवारी दुपारी कापड आणि पोरगी, दोन्ही घेऊन येते. काकूंना नमस्कार सांगा.

तुमची,
दोसुतीवाली ताई