आबांचं नाव कलाकारांत घाल

पेडणे, गोवा

प्रिय उल्हास,

दशावतारी नाटकात सोंगं करणाऱ्या आबांवरच्या तुझ्या लघुपटाचा कच्चा कट पाहिला. आबांचा रंगपटातला तुकडा फार सुरेख उतरलाय. पेटाऱ्याला टेकवलेला आरसा, काडीने ओढलेली भुवई, ती पुसून पुन्हा ओढणं, दाढीच्या खुंटांवर रंग बसेना म्हणून गालावर घासलेला अंगठा! सकाळी माडाच्या आळ्यात पाणी सोडणारा हात बघता बघता द्रौपदीचा झाला.

पण शेवटी नावं आली आणि मला राहवेना. आबा 'विशेष आभार'मध्ये? अरे, त्यांनी अभिनय केलाय! घरून निघण्याचा प्रसंग तू पुन्हा पुन्हा घेतलास, हे तूच फोनवर सांगितलंस. दरवेळी नव्याने चपला घालताना माणूस आपण रोज त्या कशा घालतो ते आठवून करून दाखवत असतो. दशावताऱ्याला ते साधावं यात नवल कसलं? त्यांच्याकडे लिहिलेली संहिता कुठे असते! आख्यान ठरतं, सोंगं वाटली जातात, बाकीचं बोलणं उभ्या उभ्या सुचतं. तू म्हणालास, 'आबा, नेहमीसारखं बोला,' आणि त्यांनी स्वतःचंच सोंग वठवलं.

रॉबर्ट फ्लाहर्टीच्या १९२२ सालच्या 'नानूक' या माहितीपटातल्या इनुइट शिकाऱ्याचं खरं नाव अल्लाकारियालाक. पडद्यावरची बायको त्याची नव्हे, बंदूक वापरणाऱ्याच्या हाती भाला दिलेला, आणि आत उजेड यावा म्हणून बर्फाचं घर अर्धंच उभं केलेलं. त्या अर्ध्या घराचा मला राग नाही, कॅमेऱ्याला उजेड लागतोच. पण एवढं काम केलेला माणूस जगाला दुसऱ्याच नावाने माहीत झाला, ते मात्र सलतं.

इराणी दिग्दर्शक किआरोस्तामीच्या 'क्लोज-अप' या चित्रपटात (१९९०) हुसेन सब्झियान स्वतःचीच भूमिका करतो. आपण दिग्दर्शक मखमलबाफ आहोत असं भासवून तो एका घरात शिरला होता. ते घरचे लोकही स्वतःच्याच भूमिकेत. पकडलं जाण्याची नामुष्की कॅमेऱ्यासमोर पुन्हा उभी करायची म्हणजे केवढा धीर हवा! म्हणून सांगतो, आबा रंगमंचावरच्या आपल्या वारलेल्या जोडीदाराबद्दल बोलतात, तो प्रसंग दुसऱ्यांदा मागू नकोस. आवाज थोडा फाटलाय, मागे कुत्रं भुंकतंय, असू दे. चपला हव्या तितक्या वेळा घालायला सांग, ते घालतील.

इफ्फीला, गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाला, पाठवायची तुझी घाई कळते. तरी आधी आबांना आणि काकींना घरी बसवून सगळा लघुपट दाखव. जोडीदाराचा प्रसंग नको म्हणाले, तर मुकाट्याने काढ. चित्रीकरणाच्या प्रत्येक दिवसाची बिदागी दे, निदान जत्रेतल्या एका रात्रीइतकी. आणि कलाकारांच्या यादीत पहिलं नाव आबांचं असू दे, पूर्ण नाव, आडनावासकट.

नवा कट झाला की पाठव. काकींना नमस्कार सांग.

तुझा,
सदानंद