मिक ओ'ड्वायरला एका ओळीत उरकू नका

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

रविवारच्या पुरवणीत मोठे खेळाडू चांगले कोच का होत नाहीत यावर लेख होता. लेख आवडला, पण त्यात आयर्लंडच्या गेलिक फुटबॉलमधला मोठा खेळाडू आणि कोच मिक ओ'ड्वायरचं नाव एका ओळीत येऊन गेलं आणि त्या खेळाला चक्क 'रग्बीचा प्रकार' म्हटलंय. मी बरीच वर्षं आयर्लंडमध्ये किल्डेअरला राहतो, पोरगा इथल्या क्लबात खेळतो, दर शनिवारी सकाळी पावसात थर्मास घेऊन मी मैदानाच्या कडेला उभा असतो, त्यामुळे राहवलं नाही म्हणून लिहितोय.

रग्बीशी याचा काही संबंध नाही हो. दोन्हीकडे 15-15 जण, बॉल गोल, साधारण व्हॉलीबॉलएवढा. तो हातात घेऊन चार पावलं पळता येतं, मग एकतर टप्पा टाकायचा नाहीतर बॉल बुटाच्या टोकावर सोडून टचकन परत हातात घ्यायचा, याला सोलो म्हणतात. आमचा पोरगा घरात मोज्यांचा गोळा करून दिवसभर तेच करत असतो. गोलपोस्ट इंग्रजी एच अक्षरासारखा, आडव्या दांडीवरून मारला तर एक पॉइंट (2025 पासून 40 मीटरच्या कमानीबाहेरून मारला तर दोन), खालून जाळीत गेला तर गोल म्हणजे तीन.

आणि मुख्य म्हणजे खेळाडूंना पगार नाही. डब्लिनच्या क्रोक पार्क स्टेडियममध्ये 80 हजार लोकांसमोर फायनल खेळलेला माणूस सुट्टी संपली की शाळेत शिकवायला नाहीतर शेतावर जातो. खेळायचं ते आपल्या किंवा आपण राहतो त्या काउंटीकडून (म्हणजे जिल्ह्याकडून), तिथे लिलाव नाही, पैसे टाकून स्ट्रायकर आणता येत नाही, आहेत त्या पोरांमधूनच मॅनेजरला (इथे कोचला मॅनेजर म्हणतात) टीम उभी करावी लागते. हे लक्षात घेतलं तरच ओ'ड्वायर कळतो.

हा माणूस केरी काउंटीतल्या वॉटरविलचा, समुद्राकाठचं छोटं गाव, तिथे त्याचं गॅरेज होतं, पुढे हॉटेलही केलं. खेळाडू म्हणून 1959, 1962, 1969 आणि 1970 अशा चार ऑल-आयर्लंड (सगळ्या काउंट्यांमधली सर्वांत मोठी स्पर्धा) जिंकल्या. मधे दोन्ही पाय मोडले होते, एकदा रिटायर होऊनही परत आला, आणि परत आल्यावर 1969 ला वर्षातला सर्वोत्तम खेळाडू ठरला! 1974 पर्यंत खेळला आणि 1975 ला त्याच टीमचा मॅनेजर झाला, म्हणजे काल ज्यांच्या शेजारी बसून बूट बांधले त्यांनाच आज पळवायचं. आणि पळवलं पण असं की त्याच वर्षी त्या कोवळ्या पोरांनी फायनलमध्ये डब्लिनला हरवलं.

नंतर 1978 ते 1981 सलग चार. 1982 ला सलग पाचवी येणारच असं सगळे धरून चालले होते, टीशर्टसुद्धा छापून झाले होते. फायनलला ऑफलीविरुद्ध केरी दोन पॉइंटने पुढे, काही मिनिटं उरलेली, आणि बदली म्हणून आलेल्या शेमस डार्बीने गोल मारला. 0-17 विरुद्ध 1-15 (आधी गोल, मग पॉइंट, म्हणजे 17 विरुद्ध 18), एका पॉइंटने गेली. पुढच्या वर्षी मन्स्टर या केरीच्या प्रांताच्या फायनलला कॉर्कच्या टायगी मर्फीने पुन्हा अगदी शेवटच्या क्षणी गोल मारून हरवलं. सलग दोन वर्षं असं झालं की भले भले सोडून देतात. यानं 1984, 85, 86 तिन्ही जिंकल्या. मॅनेजर म्हणून एकूण आठ. पॅट स्पिलान, पॉडी ओ शे, मायकी शीही, ओगी मोरन, गेर पॉवर या पाचही जणांकडे खेळाडू म्हणून आठ-आठ मेडल आहेत, आणि ती सगळी याच्याच हाताखाली मिळालेली.

पण मला खरं मोठं वाटतं ते याच्या पुढचं, आणि तुमच्या लेखात नेमकं तेच नाही. एवढं सगळं मिळाल्यावर तो घरी बसला नाही, हरणाऱ्या काउंट्यांकडे गेला. आमच्या किल्डेअरनं 1956 नंतर लेन्स्टर (आमच्या प्रांताची स्पर्धा) जिंकलंच नव्हतं, ते 1998 ला जिंकलं. त्या टीममध्ये त्याचा मुलगा कार्ल होता, आणि ऑल-आयर्लंडच्या सेमीफायनलला समोर कोण, तर केरी! बापलेकांनी आपल्याच काउंटीला हरवलं. फायनल गॉलवेनं जिंकली, पण इथले लोक आजही ते वर्ष काढतातच. मग तो लीशला गेला आणि 2003 ला त्यांना 1946 नंतरचं पहिलं लेन्स्टर मिळवून दिलं, फायनलला समोर किल्डेअरच. सत्तरी ओलांडल्यावर विकलोला गेला, ज्यांनी लेन्स्टर कधीच जिंकलेलं नाही. मोठा खेळाडू कोच म्हणून का फसतो, तर समोरच्याला आपल्याइतकं का जमत नाही हेच त्याला कळत नाही, असं तुमच्या लेखकाचं म्हणणं आहे. मग ज्यांना कित्येक वर्षं काहीच जमलं नव्हतं त्यांच्याकडे जाऊन हा वर्षानुवर्षं काय करत होता?

शेजारचे एक काका आहेत, 1998 ची सगळी स्पर्धा त्यांनी मैदानात बसून पाहिलीय. 3 एप्रिल 2025 ला ओ'ड्वायर गेला, वय 88. त्या दिवशी काकांनी कपाटातून तेव्हाची पांढरी जर्सी काढली, कॉलर पार पिवळी पडलेली, आणि आमच्या पोराला जवळ बसवून लेन्स्टर फायनल पहिल्यापासून सांगितली. पोरगा जेवायचं विसरला.

पुढच्या अंकात 'रग्बीचा प्रकार' एवढं तरी दुरुस्त करा, आणि जमलं तर किल्डेअर, लीश, विकलोवर वेगळा लेख द्या. इथे राहणारी आम्ही मराठी मंडळी लागेल ती मदत करू.

आपला नियमित वाचक,
किल्डेअर, आयर्लंड