जामीनपत्रावरची सही आणि आपले घर

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

मित्राच्या थकलेल्या कर्जाची बँकेची नोटीस जामीनदार म्हणून बाबांना आली आहे. त्यावर काल फोनवर बाबा म्हणाले की सही आपली आहे, तेव्हा घर विकून पैसे भरून टाकू, कोर्टकचेरी नको. बाबा, दिलेल्या शब्दाला तुम्ही जागता हे मी लहानपणापासून पाहत आले आहे. परंतु ज्या रकमेसाठी तुम्ही शब्द दिला होता आणि जी रक्कम बँक आज मागत आहे, त्या दोन्ही एक नाहीत, म्हणून सविस्तर लिहीत आहे.

2017 साली तुम्ही मित्राच्या 20 लाखांच्या कॅश क्रेडिटला, म्हणजे ठरलेल्या मर्यादेपर्यंत लागतील तसे पैसे उचलता येणाऱ्या कर्जाला, जामीन राहिलात आणि घर गहाण ठेवलेत. पुढे 2021 मध्ये ती मर्यादा 45 लाख झाली, असे नोटिशीसोबतच्या कागदांवरून दिसते, आणि त्या वाढीसाठी तुमची सही घेतल्याचे तुम्हाला आठवत नाही. भारतीय करार कायदा, 1872 च्या कलम 133 नुसार जामीनदाराच्या संमतीवाचून करारात बदल झाला, तर त्या बदलानंतरच्या व्यवहारांपुरता तो जबाबदारीतून मुक्त होतो. शिवाय मित्राने तारण दिलेली यंत्रे बँकेच्या परवानगीने विकली गेली असतील आणि तुम्हाला विचारले नसेल, तर कलम 141 प्रमाणे त्यांच्या किमतीइतका तुमचा भार कमी होतो. मात्र असे हक्क आधीच सोडून दिल्याची अट छापील जामीनपत्रात अनेकदा असते. त्यामुळे ते वाचल्याशिवाय मी तुम्हाला खोटा धीर देणार नाही. त्याची प्रत बँकेकडे लेखी मागावी.

'आधी कर्जदाराकडून वसूल करा' हा काकांनी सुचवलेला मुद्दा टिकणार नाही. कलम 128 प्रमाणे, करारात वेगळे ठरले नसेल तर, जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, आणि बँकेने आधी कर्जदाराच्या मागे लागले पाहिजे असे बंधन नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1968 मध्येच दामोदर प्रसाद प्रकरणात सांगितले आहे. थेट उच्च न्यायालयात जाण्याचाही आग्रह नको. 2010 च्या सत्यवती टंडन प्रकरणात दाद मागणाऱ्या बाई जामीनदारच होत्या, आणि कायद्यात न्यायाधिकरणाचा मार्ग असताना उच्च न्यायालयाने अशा याचिकेत पडू नये, असेच सर्वोच्च न्यायालयाने ठरवले.

आपला मार्ग सरफेसी कायद्यातच आहे, म्हणजे ज्याखाली बँक कोर्टात न जाता तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकू शकते आणि ज्याखाली ही नोटीस आली आहे त्या कायद्यात. नोटिशीची मुदत 60 दिवसांची असते आणि तिच्यातले 20 दिवस गेले आहेत. या मुदतीत आपण लेखी हरकत दिली, तर बँकेला तिचा विचार करून, हरकत मान्य नसल्यास 15 दिवसांत कारणांसह उत्तर द्यावे लागते. त्या उत्तराविरुद्ध लगेच दाद मागता येत नाही. पण बँकेने ताब्याचे पाऊल उचलले, की तेव्हापासून 45 दिवसांत पुण्याच्या ऋण वसुली न्यायाधिकरणात कलम 17 खाली अर्ज करता येतो. त्या अर्जासाठी मागणीच्या 75 टक्के रक्कम आधी भरण्याची सक्ती पूर्वी होती. ती 2004 मध्ये मार्डिया केमिकल्स प्रकरणात रद्द झाली, नाहीतर आपल्यासारख्यांना ते दार उघडलेच नसते. लिलावाची जाहिरात प्रसिद्ध झाल्यावर थकबाकी भरून घर सोडवण्याचा हक्क मात्र उरत नाही, म्हणून आपल्याला त्याच्या पुष्कळ आधी हालचाल करायची आहे.

आई, तुला गावाकडच्या शेताची काळजी लागली आहे. ते गहाण नाही, आणि शेतजमिनीला हा कायदा लागूही होत नाही, तेव्हा या नोटिशीने त्याला हात लावता येणार नाही.

बाबा, कायद्याने दिलेली हरकत घेणे म्हणजे शब्द फिरवणे नव्हे. 20 लाखांची जबाबदारी तुमची ठरली, तर ती आपण सारे मिळून फेडू, आणि फेडलेली रक्कम मित्राकडे मागण्याचा हक्क तुम्हाला करार कायद्याच्या कलम 145 ने दिलेला आहे. मैत्रीमुळे तो हक्क वापरावा की नाही, हे तुम्हीच ठरवा.

शनिवारी मी वकिलांना घेऊन येत आहे. नोटीस ज्या पाकिटातून आली ते जपून ठेवावे, कारण दिवस मोजताना पोचल्याची तारीख लागेल. आणि बँकेचा माणूस तडजोडीचा कागद घेऊन आला, तरी मी येईपर्यंत त्यावर सही करू नये.

तुमची लेक