दहशतवादविरोधी सहकार्य आणि आपल्या वाट्याचे काम

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

भारत आणि अमेरिका यांच्या नेत्यांची भेट झाली की जे संयुक्त निवेदन निघते, त्यात दहशतवादाविरुद्ध एकत्र लढण्याचा परिच्छेद ठरलेलाच असतो. २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्याच्या कटातील आरोपी तहव्वूर राणा याला १० एप्रिल २०२५ रोजी अमेरिकेतून दिल्लीत आणले गेले, तेव्हा या परिच्छेदाला थोडेफार वजन आले आणि त्याचे श्रेय कोणत्या नेत्याला द्यायचे यावर दूरचित्रवाणीवर भरपूर चर्चाही झाली. त्या चर्चेत एक गोष्ट मागे पडली. राणाला भारतात आणले ते मैत्रीने नव्हे, तर १९९७ साली झालेल्या प्रत्यार्पण कराराच्या कलमांनी, आणि त्या कलमांचा कीस अमेरिकेतील न्यायालयांत जवळजवळ पाच वर्षे पाडला जात होता.

राणाला शिकागोत ऑक्टोबर २००९ मध्ये अटक झाली. तिथल्या ज्यूरीने २०११ मध्ये त्याला लष्कर-ए-तोयबाला साहाय्य केल्याबद्दल आणि डेन्मार्कमधील एका वृत्तपत्रावर हल्ला करण्याच्या कटाबद्दल दोषी ठरवले. मुंबईवरील हल्ल्याच्या आरोपातून मात्र त्याची निर्दोष सुटका केली. शिक्षा १४ वर्षांची झाली, पण २०२० मध्ये करोनाच्या काळात प्रकृतीच्या कारणावरून त्याला सोडण्यात आले आणि लगेच भारताच्या विनंतीवरून पुन्हा अटक झाली. त्यानंतर त्याच्या वकिलांनी एकच मुद्दा लावून धरला : ज्या गुन्ह्यातून एकदा सुटका झाली, त्यासाठी दुसऱ्यांदा खटला कसा चालवता येईल? भारतातील आरोपांचे कायदेशीर घटक वेगळे आहेत, असे उत्तर मे २०२३ मध्ये कॅलिफोर्नियातील न्यायालयाने दिले, ऑगस्ट २०२४ मध्ये अपील न्यायालयाने ते उचलून धरले आणि जानेवारी २०२५ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने याचिका ऐकण्यास नकार दिला. हा विलंब ज्यांना संतापजनक वाटतो त्यांच्याशी मी पूर्णपणे सहमत नाही. मतदाराला उत्तरदायी असलेले सरकार आणि सरकारला न जुमानणारे न्यायालय ज्या देशात आहे, तिथे आरोपी बखोट धरून विमानात बसवता येत नाही, आणि आपल्याकडेही तसे होऊ नये अशीच आपली अपेक्षा असते.

मुंबई हल्ल्यासाठी ठिकाणांची पाहणी करणाऱ्या डेव्हिड हेडलीची गोष्ट मात्र वेगळी आहे, आणि तिथे अमेरिकेला प्रश्न विचारण्याचा आपला हक्क आहे. हा मनुष्य पूर्वी अमेरिकेच्या अमली पदार्थविरोधी विभागाचा खबऱ्या होता. त्याच्या दोन पत्नींनी त्याच्या अतिरेकी संबंधांविषयी अमेरिकन अधिकाऱ्यांना सांगितले होते, हे २०१० मध्ये तिथल्याच पत्रकारांनी उघड केले. त्याने गुन्हा कबूल केला आणि बदल्यात फाशी होणार नाही व भारताच्या ताब्यात दिले जाणार नाही, अशी हमी मिळवली. जानेवारी २०१३ मध्ये त्याला ३५ वर्षांची शिक्षा झाली. आपल्या तपास अधिकाऱ्यांना त्याची चौकशी करता आली ती जून २०१० मध्ये आणि मुंबईच्या न्यायालयाला त्याची साक्ष मिळाली ती फेब्रुवारी २०१६ मध्ये, तीही माफीचा साक्षीदार म्हणून, दूरदृश्य प्रणालीवरून. हल्ल्यानंतर मार्च २००९ मध्येसुद्धा तो पाहणीसाठी भारतात येऊन गेला होता. ज्या सहकार्याची किंमत घटनेआधी असते, ते घटनेनंतर कागदोपत्री कितीही उत्तम झाले तरी त्याने गेलेले १६६ जीव परत येत नाहीत. अर्थात हेडलीला भारताचा व्हिसा भारतीय वकिलातीनेच दिला होता आणि बदललेल्या नावामागचा दाऊद गिलानी कोणाच्याही लक्षात आला नव्हता, हेही त्याच दमात सांगायला हवे.

आमच्या जावळी तालुक्यातील केडंबे गावचे तुकाराम ओंबळे यांचा उल्लेख दर २६ नोव्हेंबरला सर्वत्र होतो आणि तो झालाच पाहिजे. पण लष्करातून निवृत्त होऊन मुंबई पोलिसांत गेलेल्या या माणसाने गिरगाव चौपाटीवर हातातल्या लाठीनिशी जे केले, त्याचे परराष्ट्र धोरणातील मोल फारसे कोणी मांडत नाही. त्यांनी कसाबच्या बंदुकीची नळी सोडली नाही, म्हणून कसाब जिवंत हाती लागला. तो जिवंत होता म्हणून पाकिस्तानला जानेवारी २००९ मध्ये त्याचे नागरिकत्व मान्य करावे लागले. पुढे अमेरिकेच्या एफबीआयचे अधिकारी मुंबईच्या विशेष न्यायालयात साक्ष देण्यास आले आणि हल्लेखोरांच्या जीपीएस यंत्रांतून त्यांचा समुद्रमार्ग सिद्ध झाला. ठार झालेल्या दहा अतिरेक्यांच्या मृतदेहांवर एवढी साखळी उभी राहिली असती का, याची मला शंका आहे.

आता आपल्या बाजूचे कच्चे दुवे. राणाने भारतात आपला छळ होईल, हेही कारण पुढे केले होते. अमेरिकेत ते टिकले नाही. पण युरोपातील न्यायालयांत असे युक्तिवाद वारंवार होतात. एका आर्थिक गुन्ह्याच्या प्रकरणात ब्रिटिश न्यायालयाने २०१८ मध्ये ऑर्थर रोड तुरुंगातील १२ क्रमांकाच्या बराकीची चित्रफीत मागवली होती, हे वाचकांना आठवत असेल. गंमत म्हणजे ज्या १९९७ साली आपण अमेरिकेशी प्रत्यार्पण करार केला, त्याच साली छळविरोधी आंतरराष्ट्रीय करारावरही सही केली, आणि त्याला अंतिम मान्यता देऊन तो अमलात आणण्याचे काम मात्र आजतागायत राहून गेले आहे. परदेशी वकिलांच्या हाती हे आयते कोलीत आपणच देतो. याउलट, शब्द पाळल्याने काय मिळते ते अबू सालेमच्या प्रकरणात दिसते. पोर्तुगालने २००५ मध्ये त्याला दिले ते फाशी नाही आणि २५ वर्षांपेक्षा अधिक कैद नाही या हमीवर. १९९३ च्या बॉम्बस्फोटांत २५७ माणसे गेली असतानाही सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२२ मध्ये केंद्राला ती हमी पाळावी लागेल असे सांगितले. मनाला कितीही टोचले तरी पुढच्या आरोपीसाठी दार उघडे ठेवायचे तर दुसरा मार्ग नाही.

लोकशाही देश म्हटला की सहकार्य आपोआप होते, हा समज एअर इंडियाच्या कनिष्क विमानातील बॉम्बस्फोटाने १९८५ मध्येच खोटा ठरवला आहे. विमानातील ३२९ जणांपैकी बहुसंख्य कॅनडाचे नागरिक होते. तरीही तिथल्या गुप्तचर संस्थेने संशयितांच्या संभाषणाच्या ध्वनिफिती पुसून टाकल्या आणि शेवटी शिक्षा एकालाच झाली. कॅनडाने या चुकांचा सविस्तर चौकशी अहवाल २०१० मध्ये काढला, तोवर पंचवीस वर्षे लोटली होती. परंतु हाच मापदंड आपल्यालाही लागू होतो. अमेरिकेतील एका फुटीरतावाद्याच्या हत्येच्या कथित कटात भारतीय कर्मचाऱ्याचा हात असल्याचा आरोप तिथल्या सरकारी वकिलांनी नोव्हेंबर २०२३ मध्ये केला, तेव्हा केंद्राने उच्चस्तरीय चौकशी समिती नेमली. ते योग्यच झाले. त्या समितीचे निष्कर्ष जितके मोकळेपणाने देशापुढे येतील, तितके हेडलीविषयी अमेरिकेला विचारताना आपला आवाज खणखणीत राहील.

संयुक्त राष्ट्रांत आपण १९९६ पासून मांडलेला दहशतवादविरोधी सर्वंकष कराराचा मसुदा व्याख्येच्या वादात अडकलेला आहे, आणि जैश-ए-मोहम्मदचा म्होरक्या मसूद अझहरचे नाव निर्बंधांच्या यादीत यायला चीनच्या आडकाठीमुळे मे २०१९ उजाडले. त्या मंचाकडून लवकर फार मिळेल असे वाटत नाही. म्हणून दोन देशांमधले करारच आज अधिक उपयोगाचे.

या दृष्टीने एक सूचना करावीशी वाटते. दहशतवादाच्या खटल्यांत भारताने कोणत्या देशांकडे किती आरोपी आणि किती पुरावे मागितले, त्यांपैकी किती मिळाले, किती प्रकरणे आपल्याच अपुऱ्या कागदपत्रांमुळे परत आली, याचा लेखाजोखा परराष्ट्र व गृह मंत्रालयांनी दरवर्षी संसदेपुढे ठेवावा, आणि सातारा जिल्ह्याच्या खासदारांनी येत्या अधिवेशनात तसा प्रश्न विचारावा. आपल्या वृत्तपत्राने त्याचा पाठपुरावा केल्यास मी आभारी राहीन.

आपला,
एक वाचक,
मेढा, ता. जावळी, जि. सातारा